डोंगरातली छोटी गाडी कुणाच्या गरजेवर चालते? (पोस्ट मोठी आहे, चहा घेऊन वाचा)

मंडळी, गेल्या आठवड्यात आमच्या शाळेच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर एक व्हिडिओ आला. एका मित्राचा मुलगा नोकरीनिमित्त स्वीडनला असतो, त्याने तो पाठवला होता. नॉर्वेतलं नार्विक नावाचं बंदर. तिथून निघालेली छोटीशी गाडी डोंगराच्या कडेकडेने वर चढते. खाली समुद्राचा निळा फाटा, वर बर्फ, मध्ये बोगदे, आणि खिडकीला नाक लावून बसलेले प्रवासी. हे सगळं उत्तर ध्रुववृत्ताच्याही वर, म्हणजे उन्हाळ्यात सूर्य मावळत नाही आणि हिवाळ्यात काही दिवस उगवत नाही अशा मुलखात.

व्हिडिओखाली लगेच नेहमीच्या प्रतिक्रिया सुरू झाल्या. "आपल्याकडे असं कधी होणार?" "आपल्याकडे फक्त खड्डे." एकाने तर लिहिलं, "नगरकरांनी फक्त बघायचं आणि लाईक करायचं."

मी लिहिलं, "अरे, आपल्याकडे अशी गाडी १९०७ पासून आहे. नेरळ-माथेरान. आणि त्या गाडीच्या इंजिनाशी आपल्या शेजारच्या बार्शीचंही नातं आहे." त्यावर दोन अंगठे आले आणि विषय क्रिकेटवर गेला. म्हणून आज सविस्तर लिहितोय. यात आपल्या नगरचाही एक जुना हिशेब आहे, तो शेवटी मांडतो.

आधी नॉर्वेची गाडी समजून घेऊ. ती लाईन फिरायला येणाऱ्यांसाठी बांधलेलीच नाही. स्वीडनमध्ये किरुना नावाचं गाव आहे, तिथे लोखंडाच्या मोठ्या खाणी आहेत. स्वीडनच्या बाजूचा समुद्र हिवाळ्यात गोठतो. पलीकडे नॉर्वेच्या किनाऱ्यावर मात्र अटलांटिकमधून येणाऱ्या उबदार पाण्याच्या प्रवाहामुळे बंदर बारा महिने उघडं राहतं. मग खाणीतलं लोखंड त्या बंदरापर्यंत न्यायचं कसं? डोंगर फोडून लाईन टाकली. १९०२ मध्ये वाहतूक सुरू झाली आणि १९०३ मध्ये राजा दुसरा ऑस्कर याच्या हस्ते रीतसर उद्घाटन झालं. नॉर्वेच्या हद्दीतला तुकडा जेमतेम ४३ किलोमीटरचा. आजही त्या रुळांवरून ६८ वाघिणींची मालगाडी धावते आणि खनिज भरल्यावर तिचं एकूण वजन आठ हजार टनांहून जास्त असतं. भरलेली गाडी उतारावर ब्रेक लावताना वीज तयार करते, ती पुन्हा तारेत जाते आणि रिकामी गाडी वर चढवायला कामी येते.

पर्यटकांची गाडी अगदी अलीकडची, २०१९ पासूनची. म्हणजे आधी गरज आली, मग रूळ आले, आणि देखावा बघायला माणसं सगळ्यात शेवटी आली. हा क्रम लक्षात ठेवा.

आता आपल्याकडे येऊ.

माथेरानचा डोंगर रायगड जिल्ह्यात, कर्जत तालुक्यात. उंची साधारण ८०० मीटर. १८५० मध्ये ठाण्याचे तेव्हाचे कलेक्टर ह्यू मॅलेट हा डोंगर चढून गेले आणि इंग्रजांना माथेरान 'सापडलं', असं पुस्तकांत लिहितात. त्या डोंगराच्या अंगाखांद्यावर राहणाऱ्या ठाकर-कातकऱ्यांना ते त्याआधी सापडलेलं नव्हतं का, हा प्रश्न पुस्तकं विचारत नाहीत. असो. मुंबईच्या उकाड्याला कंटाळलेले साहेब आणि शेठ लोक वर जायला लागले. नेरळपर्यंत रेल्वे होती. तिथून पुढे घोडा, पालखी, खुर्ची, नाहीतर स्वतःचे पाय. पालखीत एक माणूस बसला, की त्याचं वजन दुसऱ्या माणसांच्या खांद्यावर जायचं. हेही लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

माथेरानची लाईन सरकारने बांधली नाही. मुंबईतले बोहरा उद्योगपती सर आदमजी पीरभॉय यांचे चिरंजीव अब्दुल हुसेन आदमजी पीरभॉय यांनी ती बांधली. १९०४ मध्ये काम सुरू झालं आणि मार्च १९०७ मध्ये गाडी सुरू झाली. तीन वर्षांत. खर्च तेव्हाचे १६ लाख रुपये. सुमारे २१ किलोमीटरचा मार्ग, रुळांमधलं अंतर फक्त दोन फूट. चढ इतका की काही ठिकाणी वीस फूट पुढे गेलं की एक फूट वर.

आता बार्शीचं नातं. दोन फुटांच्या रुळावर, इतक्या चढावर आणि दोनशेहून जास्त वळणांवर साधं इंजिन चालत नाही. चाकं सरळ रेषेत घट्ट बसवलेली असतील तर ती वळणावर रुळातून निसटतात. त्यासाठी पुढची-मागची चाकं वळणाबरोबर थोडी वळतील अशी इंजिनं हवी होती. तशा इंजिनांचा आराखडा केला एव्हरार्ड कॅलथ्रॉप या इंग्रज इंजिनिअरने, आणि ती तयार झाली जर्मनीत, ओरेनस्टाईन अँड कोपेल कंपनीत.

हा कॅलथ्रॉप म्हणजे बार्शी लाईट रेल्वेचा कर्ता. १८९७ मध्ये त्याने कुर्डुवाडीकडून बार्शीपर्यंत अडीच फुटी लाईन सुरू केली. त्याचं म्हणणं असं की, छोट्या गावांना मोठी रेल्वे परवडत नसेल तर छोटी द्या, पण ती नीट द्या. गाडीचं वजन सगळ्या चाकांवर सारखं वाटा, म्हणजे हलक्या रुळांवरूनही जड माल जाईल. बार्शीचा कापूस, पंढरपूरचे वारकरी, लातूरचा माल, सगळं त्या गाडीने वाहिलं. ही लाईन पुढे लातूरपासून मिरजेपर्यंत गेली. १९५४ मध्ये सरकारने ती विकत घेतली आणि गेल्या पंचवीसएक वर्षांत ती टप्प्याटप्प्याने ब्रॉडगेज झाली. आमच्या पिढीतल्या अनेक नगरकरांनी कुर्डुवाडीला उतरून ती डुलत जाणारी गाडी पकडलेली आहे. पंढरीला जाताना आजीच्या मांडीवर बसून मीही त्या गाडीत बसलो होतो, एवढंच आठवतं. गंमत म्हणजे याच कॅलथ्रॉपने नंतर विमानातून उडी मारणाऱ्यांसाठी पॅराशूटही बनवलं. माणूस पडू नये आणि पडला तर वाचावा, या दोन्ही बाजूंचा विचार त्याने केला होता म्हणायचा.

दोन वर्षांपूर्वी हिवाळ्यात आम्ही घरचे चौघे माथेरानला गेलो. केडगावहून पहाटे निघालो, नगरच्या स्टँडवरून कल्याणची एसटी धरली. आळेफाटा, ओतूर, मग माळशेज घाट. घाटात धुकं होतं आणि पुढे कांद्याच्या ट्रकांची रांग. आमची एसटी त्या रांगेत अर्धा तास एका जागी उभी होती. धाकटीने विचारलं, "पप्पा, इथे रेल्वे का नाही?" मी म्हटलं, "होणार आहे." ती म्हणाली, "कधी?" मी गप्प बसलो. या प्रश्नाकडे परत येतो.

कल्याणहून लोकलने नेरळ. मिनी ट्रेनच्या खिडकीपुढे रांग लागलेली, तिकिटं मोजकीच. सकाळची गाडी हुकली होती, म्हणून मुक्काम केला आणि दुसऱ्या दिवशी अंधारात जाऊन रांगेत उभा राहिलो. मिळाली तिकिटं.

गाडी सुटली की थोडा वेळ मुंबई-पुण्याच्या मोठ्या लाईनच्या कडेने जाते. शेजारून एक्सप्रेस धडधडत गेली तेव्हा आमची गाडी खेळण्यातली वाटली. मग ती डोंगराकडे वळते आणि चढायला लागते. वेग सायकलएवढा. जुम्मापट्टी येतं. पुढे वॉटर पाईप नावाचं स्टेशन, वाफेच्या इंजिनांना पाणी भरायचं ठिकाण. मार्गावर बोगदा एकच, तोही इतका लहान की त्याला 'वन किस टनेल' म्हणतात. त्यावर मोठीने आईकडे बघून असं तोंड केलं की मी खिडकीबाहेर बघितलं. मग घोड्याच्या नालेसारखी वळणं. मघाशी जे रूळ डोक्यावर दिसत होते, ते आता पायाखाली. एका बाजूला कातळ, दुसऱ्या बाजूला सरळ खोल दरी, आणि दरीच्या तळाशी नेरळच्या घरांची पत्र्याची छपरं. तांबडी माती, दाट झाडी, थंड वारा. दोन-अडीच तासांत एकवीस किलोमीटर, आणि कुणीही घड्याळ बघत नव्हतं.

नार्विकच्या व्हिडिओत बर्फ आहे, इथे तांबडी धूळ आहे. पण खिडकीला चिकटलेल्या पोरांचे चेहरे तेच.

आता खरी गोष्ट. अमन लॉज स्टेशनला गाडी थांबली. गाड्यांनी वर येणाऱ्यांना आपलं वाहन जवळच्या दस्तुरी नाक्यावर सोडावं लागतं, कारण माथेरानमध्ये मोटारींना बंदी आहे. स्टेशनबाहेर डोक्यावर चार-चार बॅगा घेतलेल्या बाया उभ्या होत्या. हाताने ओढायच्या रिक्षा होत्या. एका रिक्षात आजारी दिसणारी म्हातारी बसलेली आणि पन्नाशीचा माणूस ती रिक्षा चढावर ओढत होता. पत्रकाराची खोड, मी एका हमाल बाईंशी बोलायला गेलो. "मावशी, गाडी चालू झाल्यापासून बरं आहे का?"

त्या म्हणाल्या, "तुमच्यासाठी बरं. आमचं काय, गाडी बंद पडली की गिऱ्हाईक कमी, आणि चालू झाली की ओझं जास्त. पण चालूच बरी बाबा. बंद होती तेव्हा पोरीला दवाखान्यात खाली न्यायचं म्हणजे पैशाचा खेळ."

मी त्यांना विचारलं पर्यटनाबद्दल. त्या बोलल्या दवाखान्याबद्दल.

माथेरान साडेचार हजारांच्या आसपास वस्तीचं गाव आहे. तिथे नगरपरिषद आहे, शाळा आहे, किराणा आहे, बाळंतपणं आहेत, मयत आहेत. मोटार वर येत नाही. २००३ पासून हा परिसर पर्यावरणदृष्ट्या संवेदनशील म्हणून जाहीर झालेला आहे, आणि ते योग्यच आहे, नाहीतर आज तिथे झाडांऐवजी पार्किंग दिसलं असतं. पण मग त्या लोकांनी जायचं-यायचं कशाने? गॅसची टाकी, तांदळाचं पोतं, सिमेंटची गोणी न्यायची कशाने? उत्तर एकच, घोडा नाहीतर माणूस. आणि ही छोटी गाडी, ती चालू असेल तर.

चालू असेल तर, हे मी मुद्दाम लिहितोय. गेल्या वीस वर्षांचा हिशेब बघा.

२६ जुलै २००५ च्या पावसाने लाईन वाहून गेली. ती पूर्ववत व्हायला मार्च २००७ उजाडला, नेमकी गाडीची शंभरी.

मे २०१६ मध्ये काही दिवसांच्या अंतराने डबे दोनदा घसरले. गाडी बंद. वरचा टप्पा ऑक्टोबर २०१७ मध्ये आणि नेरळपासूनची गाडी जानेवारी २०१८ मध्ये सुरू झाली.

२०१९ च्या पावसात पुन्हा रूळ वाहून गेले. मध्ये कोरोना. नेरळ ते माथेरान पूर्ण गाडी परत धावली २२ ऑक्टोबर २०२२ ला. तीन वर्षांहून जास्त. मधल्या काळात अमन लॉज ते माथेरान ही अडीच-तीन किलोमीटरची शटल तेवढी आधार होती, तीही कोरोनात काही महिने थांबली.

शिवाय दरवर्षी पावसाळ्यात साधारण जूनच्या मध्यापासून ऑक्टोबरपर्यंत नेरळची गाडी बंदच असते. ते सुरक्षेसाठी आहे, दरडी कोसळतात, त्याबद्दल तक्रार नाही.

आता पुन्हा नॉर्वे-स्वीडनकडे चला. डिसेंबर २०२३ मध्ये त्या लोखंडाच्या लाईनवर स्वीडनच्या बाजूला मालगाडी घसरली आणि सुमारे १५ किलोमीटर रुळांची वाट लागली. ध्रुवावरचा हिवाळा, दिवसभर अंधार, हाडं गोठवणारी थंडी. तरी दोन महिन्यांत लाईन सुरू झाली. फेब्रुवारी २०२४ मध्ये पुन्हा एक गाडी घसरली, पुन्हा दुरुस्ती झाली. का? तिथले लोक फार कामसू आणि आपले आळशी म्हणून नाही. त्या लाईनवर खाणीचा पैसा अवलंबून आहे. एक दिवस बंद म्हणजे किती नुकसान, हे तिथे आकड्यात मोजलं जातं.

माथेरानची गाडी बंद पडली तर नुकसान कुणाचं? त्या मावशीचं. आणि मावशीचं नुकसान कुठल्याच तक्त्यात मोजलं जात नाही. आपल्या कागदोपत्री ती 'टॉय ट्रेन' आहे. खेळणं मोडलं तर सवडीने दुरुस्त करतात.

माझं एवढंच म्हणणं आहे. ज्या गाडीला आपण खेळणं म्हणतो, ती कुणाची तरी एसटी आहे, कुणाची ॲम्ब्युलन्स आहे, कुणाच्या खांद्यावरचं कमी झालेलं ओझं आहे. नाव बदललं की हिशेब बदलतो.

ऑगस्ट २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने, सरन्यायाधीश भूषण गवई यांच्या खंडपीठाने, माथेरानमधल्या हाताने ओढायच्या रिक्षा सहा महिन्यांत बंद करा आणि त्या ओढणाऱ्यांना ई-रिक्षा द्या असं सांगितलं. माणसाने माणसाला ओढणं हे माणुसकीला धरून नाही, ही त्यामागची भूमिका. १९०७ च्या आधी पालखीत बसलेल्या साहेबाचं वजन ज्या खांद्यांवर होतं, त्या खांद्यांची ही गोष्ट सव्वाशे वर्षांनी कोर्टात पोचली. पीरभॉय शेठच्या गाडीने नेरळपासूनचं ओझं हलकं केलं होतं. गाडी नियमित चालली असती, तिला माल न्यायला पुरेसे डबे असते, तर राहिलेलंही बरंचसं हलकं झालं नसतं का?

पीरभॉय यांचं कौतुक करताना एक गोष्ट विसरू नये. तीन वर्षांत लाईन झाली ती फक्त शेठच्या पैशाने नाही. तो कातळ ज्यांनी हाताने फोडला, दरीच्या कडेला उभं राहून ज्यांनी भिंती रचल्या, त्यांची नावं मला तरी कुठल्या पाटीवर दिसली नाहीत.

आपल्याकडेही तेच. आपली दौंड-मनमाड लाईन १८७८ ची. त्याआधी १८७६ पासून दख्खनमध्ये भयंकर दुष्काळ होता आणि या लाईनचं मातीकाम दुष्काळी कामावर आलेल्या लोकांनी केलं. रात्री केडगावात गाडीचा आवाज येतो ना, ती गाडी ज्या भरावावरून जाते, तो उपाशी माणसांनी टाकलेला आहे. (आणि हो, दरवेळी सांगावं लागतं, 'केडगाव स्टेशन' म्हणतात ते दौंड तालुक्यातलं. आपल्या केडगावकरांना गाडी पकडायला नगर स्टेशनच गाठावं लागतं. बाहेरगावचे पाहुणे अजूनही चुकीच्या केडगावला उतरतात.)

तर आता धाकटीच्या प्रश्नाकडे. माळशेजमधून रेल्वे का नाही?

कल्याण-मुरबाड-नगर रेल्वे ही मागणी माझ्यापेक्षा वयाने मोठी आहे. पत्रकारितेचा डिप्लोमा करून नगरला आलो, तेव्हा पहिल्या वर्षी ज्या निवेदनांच्या बातम्या लिहिल्या, त्यात हे निवेदन होतं. सर्वेक्षणं झाली, पुन्हा झाली. निवडणूक आली की माळशेज रेल्वे येते, निकाल लागला की घाटातल्या धुक्यात जाते.

होतच नाही असं नाही. नगर-बीड-परळी लाईन १९९५ मध्ये मंजूर झाली, लांबी २६१ किलोमीटर. आष्टीपर्यंत गाडी पोचली सप्टेंबर २०२२ मध्ये, बीडला १७ सप्टेंबर २०२५ ला. मंजुरीपासून बीडपर्यंत तीस वर्षं. त्यासाठी बीडच्या दोन पिढ्यांनी मोर्चे काढले. पण शेवटी आली.

माळशेजची बाजू मांडताना मात्र आपण एक चूक करतो, असं मला वाटतं. आपण म्हणतो, काय निसर्ग, काय धबधबे, काय पर्यटन वाढेल! रील बनवतो. देखाव्यासाठी कुणी डोंगर फोडत नाही. नार्विकला लोखंड होतं. बार्शीला कापूस होता. माथेरानला खिशात पैसे असलेले आणि उन्हाने हैराण झालेले मुंबईकर होते. आपल्याकडे काय आहे ते सांगायला हवं. नेप्तीच्या बाजारातून रोज किती ट्रक कांदा कल्याण-वाशीकडे जातो? ओतूर, आळे, पारनेरचा किती भाजीपाला? घाटात दरड पडली की किती तास गाड्या अडकतात, किती माल सडतो? किती पोरं नोकरीसाठी कल्याण-ठाण्याला जातात आणि एसटीत रात्र काढतात? हे आकडे एका कागदावर आणले, तर ती मागणी राहत नाही, तो हिशेब होतो.

म्हणून या पोस्टखाली नुसतं 'छान लिहिलंय सर' नको. नेप्तीला माल नेणाऱ्या शेतकऱ्यांनी, ट्रकवाल्यांनी, कल्याण रोडच्या व्यापाऱ्यांनी आपापला अनुभव लिहा. महिन्याच्या खेपा, भाडं, घाटात अडकलेले तास. आपल्या आजोबांनी बार्शी लाईटमधून माल पाठवला असेल तर तेही लिहा, जुनी पावती असेल तर फोटो टाका. मी सगळं एकत्र करतो आणि पुढच्या महिन्यात इथेच मांडतो.

आणि माथेरानला गेलात, तर जरूर त्या गाडीत बसा. सकाळी लवकर रांगेत लागा. उतरल्यावर बॅग उचलणाऱ्या मावशींशी भाव करू नका.